सैल शिवलेलं कर्ज

मास्तरांनी शिवलेली शाळेची पँट पोराला तीन वर्षं पुरायची. पहिल्या वर्षी मात्र पोराने पँट घातलीय असं न वाटता पोर पँटीत भाड्याने राहायला आलंय असं वाटायचं. कमरेला चार बोटं जादा, पायाशी वीतभर दुमड, आणि आतल्या शिवणीत इतकं कापड कोंबलेलं की बाकावर बसलं की पोर शेजाऱ्यापेक्षा दोन इंच उंच दिसायचं. आया खूश असत. पोरं मुसमुसत. पण शिलाई आया देत असल्यामुळे पोरांच्या मुसमुसण्याला मास्तर फारसा भाव देत नसत.

शिवणीच्या आत दुमडून ठेवलेल्या या जादा कापडाला शिंपीकामात माया म्हणतात. पोर वाढलं की शिवण उसवायची, थोडी माया सोडायची, परत शिवायची. बाकीचे शिंपी बोटभर माया ठेवत, मास्तर चांगली पंजाभर ठेवत. त्यावरून गल्लीने त्यांचं नाव ढिलेमास्तर पाडलं होतं. मास्तरांना त्याचा राग येत नसे. उलट एखादं नवं गिऱ्हाईक नुसतं "मास्तर" म्हणालं तर त्यांना काहीतरी कमी पडल्यासारखं वाटे.

"घट्ट शिवणारे पुष्कळ आहेत," ते दातात टाचण्या धरून सांगत. "आज शाबासकी घेतात, उद्या शिव्या खातात. आपण उद्याची सोय आत दुमडून ठेवतो."

ही अक्कल पँटीपुरती राहिली असती तर कुणाचं काही बिघडलं नसतं. मास्तरांनी तिच्यावर घराचं कर्ज काढलं.

तेव्हा मास्तर सदतीस वर्षांचे होते. दुकानामागच्या अंधाऱ्या खोलीत बायकोबरोबर संसार चालला होता. इस्त्रीची वाफ आणि भाताची वाफ एकाच खिडकीतून बाहेर जायची. पलीकडच्या रस्त्याला नवी इमारत उभी राहिली आणि मास्तरांनी आणि त्यांच्या साडूने एकाच महिन्यात तिथे घरं घ्यायचं ठरवलं. साडू म्हणजे मास्तरीणबाईंच्या बहिणीचा नवरा. मालाचा टेम्पो चालवायचा. बोलायला कमी, आणि पैशाच्या बाबतीत तर तोंडाला शिवण घातलेला.

बँकेत कर्जाच्या साहेबांची काचेची खोली होती. साहेबांनी कागद पाहिले, मास्तरांच्या गळ्यातली टेप पाहिली आणि विचारलं, "वीस लाख. किती वर्षांचं करू या, मास्तर? दहा, पंधरा, वीस, पंचवीस?"

मास्तरांना एकदम आपल्या दुकानात आल्यासारखं वाटलं. मापंच विचारत होता माणूस.

"सगळ्यात मोठं माप कोणतं?"

"पंचवीस."

"मग पंचवीसच करा. अंगात वाढायला जागा पाहिजे."

"वा!" साहेब म्हणाले. "बघा, हप्ता कसा हलका बसला. सोळा हजार. महिन्याला टोचणारसुद्धा नाही."

टोचणार नाही, हा शब्द मास्तरांना इतका आवडला की ते तिथेच फसले. पंचवीस वर्षांत मिळून किती जातील हे त्यांनी विचारलं नाही, आणि न विचारलेलं सांगायची साहेबांना खोड नव्हती. सह्या झाल्यावर साहेबांनी उभं राहून हात मिळवला, तशी त्यांच्या कमरेचा हूक कुरकुरला. मास्तरांच्या कानाने तो बरोबर टिपला. "साहेब, पँट पाठवून द्या. मागची शिवण सोडून देतो." अशा रीतीने त्या दिवशी दोन्हीकडे खाती उघडली गेली.

साडूने काय केलं? त्याने मास्तरांच्या निम्म्या आकाराचं घर घेतलं. एक खोली आणि स्वयंपाकघर. बारा लाखांचं कर्ज काढलं, तेही आठ वर्षांचं. त्याचा हप्ता सतरा हजारांवर गेला.

हे कळलं त्या दिवशी मास्तर इतके हसले की इस्त्री कॉलरवरच राहिली आणि कॉलर करपली.

"साडूभाऊ, घर माझ्या निम्मं आणि हप्ता माझ्यापेक्षा मोठा? बँकेत गेला होतात की बाजारात पाकीट मारून घ्यायला?"

साडू म्हणाला, "बसेल."

"बसेल, पण श्वास घेता येईल का? लहान भावाचा शर्ट घातल्यासारखं झालंय तुमचं."

साडू काही बोलला नाही. पुढची आठ वर्षं तो काही बोललाच नाही. टेम्पोच्या दोन जादा फेऱ्या मारायचा. सहलीचं निघालं की "गाडीला काम आहे" म्हणायचा. त्याच्या खोलीत बरीच वर्षं एकच खुर्ची होती. पाहुणा आला की साडू उभा राहायचा, आणि तो पाहुणा मास्तर असले की ते मुद्दाम अर्धा तास जास्त बसायचे.

इकडे मास्तरांच्या तीन खोल्या सजत होत्या. आधी पडदे, मग सोफा, मग सोफ्याला झाकणारं कापड, मग त्या कापडाला झाकणारं प्लास्टिक. हप्ता टोचत नव्हता, त्यामुळे दुसरीकडे टोचून घ्यायला पैसे शिल्लक राहत.

मधल्या काळात व्याजाचे दर वाढले. बँकेने फोनवर संदेश पाठवला. तो बारीक अक्षरांत होता आणि मास्तरांनी तो शुभेच्छा समजून बंद केला. पुढे साहेब वार्षिक माया सोडून घ्यायला दुकानात आले तेव्हा त्यांनी तोंडी सांगितलं.

"दर चढलाय मास्तर. पण तुमच्या हप्त्याला आम्ही हात लावलेला नाही. मुदत जरा सैल केलीय, बस्स."

"जरा सैल केली ना? उत्तम केलंत!" मास्तर साहेबांच्या पाठीमागे गुडघ्यावर बसून शिवण उसवत म्हणाले. "हप्ता हलायला नको."

दर परत चढला. मुदत परत सैल झाली. साहेबांची कंबरही. मास्तर दर वर्षी साहेबांची पँट उसवत आणि साहेब दर वर्षी मास्तरांचं कर्ज उसवत, आणि दोघेही एकमेकांच्या कामावर बेहद्द खूश होते.

दूध वाढलं, गॅस वाढला, दुकानाचं भाडं वाढलं, मास्तरांचा हप्ता होता तिथेच होता. गल्लीत याचा बोलबाला झाला. समोरच्या सलूनवाल्याने कर्ज काढायच्या आधी मास्तरांचा सल्ला घेतला. मास्तरांनी त्याच्या तोंडाकडे अंदाजाने पाहिलं आणि म्हणाले, "तीस वर्षं मिळतात का बघ." लाँड्रीवालाही येऊन गेला. शाळेतले एक गणिताचे सरसुद्धा कोटाचं माप देताना विचारून गेले आणि मान डोलावून तसंच कर्ज काढून बसले. संध्याकाळी दुकानात शिवणकामापेक्षा सल्ल्याची गर्दी जास्त असायची. सल्ला फुकट होता. सल्ल्याची किंमत पुढे प्रत्येकाची बँक वसूल करणार होती.

या सगळ्यात मास्तरीणबाई कुठे होत्या? त्या दुकानाच्या कोपऱ्यात, पाठ वाकवून, एका शर्टाच्या कारखान्याची काजं करत होत्या. मास्तरांच्या धंद्याशी त्याचा संबंध नव्हता. ती त्यांची स्वतःची कमाई. आठ वर्षं काजं करून, बटणं लावून त्यांनी तीन लाख जमवले होते आणि ते वेगळे ठेवले होते. त्या पैशाला कुणी हात लावायचा नाही असं घरात ठरलेलं होतं. ठरवलं त्यांनीच होतं.

त्या वर्षी सलूनवाल्याने दुकानात छताखाली आणखी एक छत करून घेतलं. कडेने निळे दिवे. दाढीला बसलेला माणूस वर बघत पडायचा आणि आपण आकाशात तरंगतोय असं त्याला वाटायचं. मास्तर एकदा दाढीला तरंगून आले आणि त्यांच्या डोक्यात भूत शिरलं.

"अगं, आपल्या पुढच्या खोलीला तसलं छत करू या. तीन लाखांत होतंय."

"आपल्याला आहे की छत."

"ते सिमेंटचं. हे शोभेचं."

"त्याच्या वर काय असेल?"

"काय असणार? आपलंच जुनं छत."

"म्हणजे आहे ते झाकायला तीन लाख." त्यांनी धागा दाताने तोडला. "ते पैसे मी घरात घालणार आहे. कर्जात. बोलून ठेवते."

"कर्जाला काय धाड भरलीय? टोचतंय का ते तुला?"

"मला नाही टोचत. तुमच्या डोळ्यांचं मला टोचतंय."

हा विषय मास्तरांना नको असायचा. गेल्या काही महिन्यांपासून सुई आणि मास्तर यांचं जमत नव्हतं. ते सुई लांब धरत, मग आणखी लांब धरत, मग हात संपे. दोष दोऱ्याचा असे. "हल्लीचा दोरा विसकटतो," ते म्हणत. मग मास्तरीणबाई काही न बोलता त्यांच्या हातातून सुई घेत, ओवून परत देत, आणि दोऱ्याची बदनामी चालू राहू देत. डॉक्टरकडून चष्माही आला होता, पण तो खणात, चुरा झालेल्या खडूंच्या शेजारी पडून होता. चष्म्यातला शिंपी म्हणजे दात नसलेला कुत्रा, असं मास्तरांचं मत होतं आणि ते त्यांनी ऐन तारुण्यात दुसऱ्या एका शिंप्याबद्दल जाहीरपणे मांडलं होतं.

"शिलाईवर हप्ता चाललाय," बाई म्हणाल्या. "आणि शिलाई तुमच्या डोळ्यांवर. डोळे साठीपर्यंत आले तरी मी देवाला हात जोडीन. त्याच्या आत हे घर आपलं झालं पाहिजे. कर्ज किती उरलंय?"

"सोपं आहे. पंचवीस वर्षांचं होतं, आठ भरली. सतरा उरली."

"म्हणजे तुमचं बासष्ट. साहेबांना विचारलंत का?"

"यात विचारायचं काय? वजाबाकी आहे ती!"

नेमकं त्याच आठवड्यात साडू दुकानात आला. हातात मिठाईचा पुडा. साडूने पुडा आणला ही गोष्टच इतकी नवी होती की मास्तरांना वाटलं कुणीतरी गेलं की काय.

"काय झालं, साडूभाऊ?"

"संपलं," साडू म्हणाला.

"कोण?"

"कर्ज. काल शेवटचा हप्ता गेला. घराचे कागद आले घरी." आणि आठ वर्षं साठवलेलं सगळं बोलणं एकदम बाहेर आल्यासारखा तो पुढे म्हणाला, "आता तीन खुर्च्या घेतल्यात. या बसायला."

मास्तरांनी मिठाईचा तुकडा तोंडात टाकला.

"तुमचं किती राहिलं, मास्तर?" साडूने विचारलं. त्याच्या आवाजात टोमणा नव्हता. असता तर बरं झालं असतं.

"चाललंय की. सतरा वर्षं. घाई कुणाला आहे?"

कोपऱ्यात काजाची सुई थांबली, आणि थोड्या वेळाने परत चालू झाली.

दोनच दिवसांनी कर्जाचे साहेब हजर झाले, काखेत पँटीची पिशवी. मास्तरांनी पँट उलटी केली, मागची शिवण चिमटीत धरली आणि बोटांनी आत चाचपलं. परत चाचपलं. मग खिडकीपाशी नेऊन पाहिलं.

"साहेब, माया संपली."

"म्हणजे?"

"सोडायला कापडच उरलं नाही आत. आठ वर्षं सोडतोय. आता नवी पँट शिवावी लागेल."

साहेब हसले. "गंमत बघा मास्तर, मी तुम्हाला हेच सांगायला आलो होतो. तुमच्या कर्जाचंही तेच झालंय. दर आणखी अर्ध्या टक्क्याने चढला. आता मुदत वाढवता येत नाही. माणूस सत्तरीचा होईपर्यंतच आम्ही ओढतो, त्याच्या पुढे नियम नाही. त्यामुळे या वेळी हप्ता वाढेल. फार नाही. सातशे."

मास्तरांच्या हातातली पँट खाली आली. "सत्तरी? साहेब, माझं पंचेचाळीस चालू आहे. सतरा वर्षं राहिलीत ना?"

"सतरा कुठली? पंचवीस."

"पंचवीस तर काढलं होतं!"

"हो."

"त्यातली आठ भरली!"

"भरलीत की. एक हप्ता चुकला नाही तुमचा. तुमच्यासारखा ग्राहक आम्हाला दुसरा नाही," साहेब कौतुकाने म्हणाले. "पण मुदत सैल करत आलो ना आपण? तुम्हीच तर म्हणायचात, हप्ता हलायला नको."

मास्तरांनी चाचरत विचारलं, "मग आठ वर्षं मी भरलं ते कुठे गेलं? पंधरा लाख तरी गेले असतील."

"गेले. मुद्दल दीड लाखाने कमी झालंय."

"दीड?"

"आधी व्याज कापून घेतात, मास्तर. उरेल ते मुद्दलाला." साहेबांनी समजावून द्यायला इकडे तिकडे पाहिलं आणि टेबलावरचं शर्टाचं कापड पुढे ओढलं. "असं धरा, हा तुमचा एक हप्ता. अख्खा शर्ट. पुढचा भाग, मागचा भाग, दोन्ही बाह्या, खिसा, हे सगळं व्याज. आणि कॉलरच्या आत ती पट्टी असते ना, ती मुद्दलाला."

मास्तर त्या कापडाकडे बघत राहिले. आठ वर्षं दर महिन्याला त्यांनी बँकेला अख्खा शर्ट शिवून दिला होता आणि स्वतः कॉलरची पट्टी घालून रस्त्याने छाती काढून फिरले होते.

"बरं, पँटीचं बोला," साहेब म्हणाले. "नवीच शिवा. कापडासकट किती?"

तेव्हा कोपऱ्यातून मास्तरीणबाई उठल्या. हातातली काजाची सुई तशीच.

"साहेब, आत्ता काही देऊ नका. एकदम कशाला खिशावर भार? महिन्याला थोडं थोडं द्या. दोन कप चहाचे पैसे."

"अरे वा! किती महिने?"

"सगळ्यात लांब मुदत लावू. तुम्ही नोकरीतून निवृत्त होईपर्यंत. टोचणारसुद्धा नाही."

साहेबांचा अंगठा बोटांच्या पेरांवर फिरला. सवयीचा अंगठा होता, चौथ्या पेराला गडी सावध झाला. "छे छे, बाई! काय बोलता? तेवढ्यात माझ्या तीन पँटी होतील!"

"होतात का?" मास्तरीणबाई म्हणाल्या. "आम्ही वीस लाखांचं घर घेतलं. सत्तरीपर्यंत भरलं तर किती घरं होतील आमची?"

साहेबांचा अंगठा परत पेरांवर गेला आणि मध्येच थांबला. त्यांनी घसा खाकरला. "तीन तरी," ते म्हणाले. "तिनाच्या वर थोडी." मग रोख पैसे काढून टेबलावर ठेवले, सगळे, एकदम, आणि पोट आत ओढून माप द्यायला उभे राहिले.

मास्तरांनी माप घेतलं. टेपवरचा आकडा त्यांना दिसला नाही. बाईंनी खांद्यावरून वाकून वाचून दाखवला.

साहेब गेल्यावर मास्तर बराच वेळ त्याच शर्टाच्या कापडावर हात फिरवत होते. मग म्हणाले, "अगं, एक विचारू? तुला आधीपासून कळत होतं?"

"मला कुठे कळतंय? मला एवढंच दिसत होतं की साडूभाऊ दर वर्षी बारीक होत चाललेत आणि आपण दोघांनी नुसता सोफा झाकलाय." त्यांनी काज पुरं केलं. "उद्या बँकेत जाऊ. माझे तीन लाख घेऊन."

"आणि छत?"

त्यांनी मान वर करून फक्त बघितलं. मास्तरांनी छताचा विषय तिथेच दुमडला.

बँकेच्या खिडकीत एक तरतरीत मुलगी होती. तीन लाख मुद्दलात घालायचे म्हटल्यावर तिने यंत्रावर बोटं नाचवली आणि पडदा यांच्याकडे वळवला. "काका, दोन प्रकारे होतं. एक म्हणजे हप्ता कमी करायचा, मुदत तीच. तुमचा हप्ता चौदा हजारांवर येईल. दुसरं, हप्ता आहे तोच वाढलेला ठेवायचा, मुदत कमी. कमी हप्त्यावर टिक करू ना? सगळे तेच घेतात."

चौदा हजार!

मास्तरांच्या डोळ्यांसमोर गल्ली उभी राहिली. सलूनवाला वस्तरा हातात धरून विचारतोय, मास्तर, हप्ता किती? आणि मास्तर म्हणतायत, चौदा. सगळीकडे दर वाढले, माझा उतरला. लाँड्रीवाला धावत येतोय. गणिताचे सर वही घेऊन येतायत. आठ वर्षांपूर्वी होता त्याच्याहून दोन हजारांनी कमी! असलं भाग्य माणसाला जन्मात एकदा येतं.

"घरात जरा मोकळं होईल," मास्तर पुटपुटले. "महिन्याला अडीच हजार वाचतील. त्यात छतसुद्धा हळूहळू..."

त्यांनी वळून पाहिलं, तर मास्तरीणबाई दुसरीकडे, पाणी पिण्याच्या यंत्राकडे बघत होत्या. हात मात्र मांडीवर होते, आणि उजव्या हाताच्या मधल्या बोटाला सुईने पडलेला घट्टा त्यांचा अंगठा आपसूक चोळत होता. तीन लाखांची काजं त्या बोटातून गेली होती. त्या भांडल्या असत्या तर मास्तरांनी उत्तर दिलं असतं. आठ वर्षं त्यांच्याकडे सगळ्याला उत्तर होतं.

"मुदत कमी केली तर?" मास्तरांनी मुलीला विचारलं.

"मग पंधरा वर्षांच्या आत संपतं, काका. पंचवीसच्या जागी."

"म्हणजे साठी."

"हो, साधारण साठी."

"तीन लाखांत दहा वर्षं?" मास्तरांचा विश्वास बसेना. "पोरी, नीट बघ. एवढ्याशा कापडात एवढं निघत नाही."

"निघतं, काका. आत्ता भरलं की तेवढ्यावरचं पुढचं सगळं व्याज बंद होतं ना."

तिने कागद पुढे सरकवला. दोन चौकटी होत्या, शेजारी शेजारी, मुंगीएवढ्या अक्षरांच्या. मास्तरांनी कागद लांब धरला. आणखी लांब धरला. हात संपला. कागद पार शेजारच्या रांगेतल्या माणसाच्या नाकाखाली गेला आणि तो वाचायला लागला.

"कोणती चौकट कोणती?" मास्तरांनी बायकोला हळूच विचारलं.

"तुम्हीच बघा," मास्तरीणबाई म्हणाल्या, आणि पिशवीतून चष्म्याची डबी काढून त्यांच्यासमोर ठेवली. खडूची पूड पुसून आणली होती.

मास्तरांनी मागेपुढे पाहिलं. गल्लीतलं कुणी नव्हतं. त्यांनी चष्मा लावला, आणि दोन्ही चौकटी ताडकन जवळ आल्या. डावीकडे लिहिलं होतं हप्ता, उजवीकडे मुदत. पेन डावीकडे गेलं. तिथे क्षणभर थबकलं, आठ वर्षांच्या सवयीनं. मग मास्तरांनी कापड बेतताना घेतात तसा श्वास घेतला आणि उजवीकडे टिक केली. एकदा नाही, दोनदा, मागाहून कुणी उसवू नये म्हणून.

"सही इथे, काका. इथेही. इथेपण."

परतताना सलूनवाल्याने हाक मारलीच. दारातच उभा होता, पाठीमागे त्याचं निळं आकाश.

"मास्तर, जोडीने कुठे? आणि हे काय, चष्मा?"

मास्तरांचा हात चष्म्याकडे गेला. काढायचा राहून गेला होता. त्यांनी तो तसाच राहू दिला.

"बँकेत गेलो होतो. कर्जात तीन लाख घातले."

"अरे बापरे! मग हप्ता किती झाला?"

"सातशेनं वाढला."

सलूनवाला हसायला लागला. गिऱ्हाईक तोंडाला साबण लावलेलं तसंच उठून ऐकायला आलं. "तीन लाख घातले आणि हप्ता वाढला? मास्तर, तुम्ही? अहो, तुम्ही तर आमचे गुरू! घट्ट शिवायला कधीपासून लागलात?"

"ये दुकानात. तुझ्या कर्जाची किती वर्षं उरली ते विचारून ये आधी."

"सोपं आहे की. तीस काढली, सहा झाली..."

"वजाबाकी करू नकोस," मास्तर म्हणाले. "विचारून ये."

सलूनवाला अजून हसत होता, पण जरा कमी. मास्तर पुढे निघाले. मास्तरीणबाई दोन पावलं मागे होत्या. दुकानाची पायरी चढताना त्यांना आतून खुडबुड ऐकू आली, मग मास्तरांचा आवाज.

"अगं, हा दोरा बरा दिसतोय. कुठून आणलास?"

"तोच आहे," त्या म्हणाल्या, आणि आपल्या कोपऱ्यात जाऊन बसल्या. कारखान्याची काजं पडून होती. पंधरा वर्षं काही कमी नसतात.